खारं, खारट आणि खार



या वेळी पत्रांच्या गठ्ठ्यात एक पोस्टकार्ड फार मजेदार निघालं. जळगाव जामोद तालुक्यातल्या एका सातवीच्या मैत्रिणीचं. तिने एकच प्रश्न विचारलाय, पण असा की व्याकरणाचं पुस्तक उघडूनही पटकन उत्तर सापडणार नाही. ती लिहिते, "आमच्या गावचं पाणी खारं आहे. काल आईची भाजी खारट झाली होती. दुकानात खारे शेंगदाणे मिळतात. मग खारं आणि खारट एकच की वेगळं?"

आधी तुम्हीच सांगा पाहू. दुकानदाराला तुम्ही म्हणता, "दहा रुपयांचे खारे दाणे द्या." "खारट दाणे द्या" असं म्हणालात तर तो बिचारा तुमच्याकडे बघतच राहील. आणि जेवताना "आई, भाजी खारी आहे" असं कुणी म्हणत नाही. "खारट झालीय गं!" असंच तोंडातून निघतं, आणि बरोबर थोडं तोंडही वाकडं होतं.

सापडलं ना? खारं म्हणजे जे मुळातच मिठाचं आहे, किंवा मुद्दाम मीठ लावून केलंय ते. खारे दाणे, खारी बुंदी, खारी शेव, चहात बुडवायची ती खारी. यात तक्रार काही नाही. खारट मात्र जिभेचं मत आहे. पाहिजे त्यापेक्षा मीठ जास्त झालं की जीभ म्हणते खारट. म्हणजे खारे दाणेसुद्धा खारट होऊ शकतात! हा फरक कुणी शाळेत शिकवत नाही, पण चार वर्षांचं पोरही तो चुकत नाही. भाषेची ही गंमत मला फार आवडते.

शब्दाच्या शेवटी येणारा हा ‘ट’ मोठा कुरकुऱ्या आहे. मळ असलं की मळकट, तेल जास्त झालं की तेलकट, मोठ्या माणसाने पोरासारखं केलं की पोरकट. आता सहा चवी मोजा: गोड, आंबट, खारट, तिखट, कडू, तुरट. चारांना शेपटीला ट! गोड आणि कडू तेवढे सुटले. (जाता जाता एक गोष्ट. संस्कृतात कटु म्हणजे मिरीसारखं तिखट आणि तिक्त म्हणजे कडुनिंबासारखं कडू. आपण मराठीत कटुचं कडू केलं आणि त्याला कडुनिंबाच्या झाडावर नेऊन बसवलं. शब्दही घरं बदलतात.)

पण आपल्या मैत्रिणीच्या कार्डातला सगळ्यात महत्त्वाचा शब्द भाजीचा नाही, पाण्याचा आहे. तिच्या गावात पाणी दोन जातींचं असतं. एक खारं आणि दुसरं गोडं. गोडं पाणी म्हणजे साखरेचं नव्हे. जे पिता येतं ते गोडं. शहरातल्या मुलाला पाण्याला गोडं म्हणायची गरजच पडत नाही. ज्याच्याकडे खारं असतं त्यालाच गोड्या पाण्यासाठी वेगळा शब्द लागतो.

बुलडाणा जिल्ह्याचे लोक आपल्या जिल्ह्याचे दोन भाग करतात, घाटावरचा आणि घाटाखालचा. बुलडाणा, चिखली, मेहकर, लोणार हे घाटावर. मलकापूर, नांदुरा, शेगाव, जळगाव जामोद, संग्रामपूर हे घाटाखाली, पूर्णा नदीच्या खोऱ्यात. या खोऱ्यातल्या मोठ्या भागाला नावच आहे खारपाणपट्टा. तो पुढे अकोला आणि अमरावती जिल्ह्यांतही जातो. इथे विहीर खणली, बोअर घेतली तरी बऱ्याच ठिकाणी लागतं ते खारं पाणी. पूर्वी इथे समुद्र होता, असं गावोगाव सांगतात. भूगर्भाचे अभ्यासक आणखी एक गोष्ट दाखवतात. या खोऱ्यात नदीने आणलेल्या गाळाचे शेकडो मीटर जाडीचे थर आहेत. चिकणमातीतून पाण्याचा निचरा नीट होत नाही. ऊन कडक, पाऊस बेताचा. पाणी उडून जातं, क्षार मागे राहतात.

किती क्षार असले म्हणजे पाणी खारं? भारतीय मानकाप्रमाणे पिण्याच्या पाण्यात एका लिटरला ५०० मिलिग्रॅमपर्यंत विरघळलेले क्षार असावेत. दुसरं पाणीच मिळत नसेल तर २००० मिलिग्रॅमपर्यंत चालवून घ्यावं. २००० मिलिग्रॅम म्हणजे २ ग्रॅम. चहाच्या एका सपाट चमच्यात मीठ मावतं पाच-सहा ग्रॅम. म्हणजे लिटरभर पाण्यात पाव चमच्याहून थोडं जास्त पडलं की संपली मर्यादा! समुद्राच्या पाण्यात लिटरला सुमारे ३५ ग्रॅम असतात, त्यामुळे ते कुणी पीत नाही. फसवतं ते हे मधलं पाणी. ते पिता येतं, सवयही होते.

आपल्या पोटात पाठीच्या बाजूला दोन मूत्रपिंडं असतात. रक्तातलं नको ते गाळून बाहेर टाकणं हे त्यांचं काम. नको ते जितकं जास्त, तितकं त्यांना काम जास्त. खारपाणपट्ट्यातल्या गावांमध्ये मूत्रपिंडाच्या आजाराने माणसं गेल्याच्या बातम्या कितीतरी वर्षं वर्तमानपत्रांत येत आल्या आहेत. संग्रामपूर आणि जळगाव जामोद तालुक्यांसाठी वान धरणाचं गोडं पाणी नळाने आणणारी १४० गावांची योजना निघाली ती याच कारणाने. नळाला पाणी आलं नाही की मग विकतचे जार येतात. इथे आपल्याला आणखी एक ‘खार’ भेटतो. खिशाला लागणारा! पाणी फुकट मिळतं तेव्हा ते खारं असतं, आणि गोडं घ्यायला जावं तर खिशाला खार लागतो. मराठी भाषेने ही कोटी मुद्दाम केलेली नाही, पण या गावांना ती रोज ऐकावी लागते. पालकांनो, या भागात सोयरीक जुळवताना ‘पाणी कोणतं?’ हा प्रश्न निघतो, हे तुम्हाला मी सांगायला नकोच.

शेतीचंही तसंच. खारं पाणी पिकाला दिलं तर माती बिघडते. ओली असताना चिकट, वाळली की दगड. अशा जमिनीला शेतकरी ‘चोपण’ म्हणतात, आणि पुस्तकात ‘क्षारपड’ असा शब्दही येतो. म्हणून विहीर भरलेली असूनही पिकं पावसावर. कापूस, तूर, ज्वारी, हरभरा. काही शेतकरी शेततळं खणून पावसाचं पाणी साठवतात. विहिरीशेजारीच तळं कशाला, असं पाहुण्यांना वाटतं. त्यांनी विहिरीतलं पाणी चाखलेलं नसतं.

आता घाट चढून वर या. लोणारला जाऊ.

लोणारचं सरोवरही खारं. तुम्ही म्हणाल, मग नवीन काय? नवीन हे, की हा खार निराळा. लोणारचं विवर उल्केच्या आघाताने झालं. काळ्या बेसाल्ट खडकात सुमारे १.८ किलोमीटर व्यासाची प्रचंड वाटी. १९७३ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासाने ते पक्कं झालं. वाटीत पाणी येतं, बाहेर जायला वाट नाही. ते फक्त उन्हाने उडतं. त्यामुळे इथेही क्षार साठत जातात. पण त्यांत नुसतं मीठ नाही, धुण्याच्या सोड्याच्या जातीचे क्षार खूप आहेत. पाणी हाताला बुळबुळीत लागतं.

गंमत बघा. घाटाखालच्या कितीतरी खाऱ्या विहिरींच्या पाण्यात साबणाला फेस येत नाही, वडी झिजते पण कपडे काही निघत नाहीत. त्या पाण्यात डाळही शिजता शिजत नाही. आणि घाटावर लोणारचा खार मात्र साबण करायच्या कामाचा! अकबर बादशहाच्या काळात, सोळाव्या शतकाच्या शेवटी अबुल फझलने ‘ऐन-इ-अकबरी’ लिहिलं, त्यात या भागाचं वर्णन करताना काच आणि साबण बनवायला लागणारं सामान इथे मिळतं, असं त्याने नोंदवलंय. लोणारच्या खाराच्या प्रतींना वेगवेगळी नावं होती: दल्ला, खुप्पल, पापडी, भुसकी. बांगड्यांच्या काचेला तो खपायचा. म्हणजे एकाच जिल्ह्यात दोन पाणी, दोघांनाही खारंच म्हणायचं, पण एक साबण खातं आणि दुसरं साबण करतं.

हे असं का, तर ‘खार’ हा शब्द ‘क्षार’पासून आला, आणि जुन्या काळी क्षार म्हणजे मुख्यतः राखेतून निघणारा, झोंबणारा, मळ काढणारा पदार्थ. मीठ नव्हे. आजीने राखेने भांडी घासलेली पाहिली असतील तुम्ही. त्या राखेत खारच काम करतो. स्वयंपाकघरात पापडखार असतो, तो पापड खारट करायला घालत नाहीत, फुलायला घालतात. सोनाराकडे डाग द्यायला टाकणखार असतो. वैद्यांकडे जवाच्या राखेचा जवखार. खिशाला लागतो तोही हाच खार असणार, हळूहळू झिजवणारा.

मिठासाठी संस्कृतात वेगळा शब्द होता, लवण. त्याची पोरंबाळं मराठीत भरपूर आहेत. लोणचं त्यातलंच. जुन्या भिंतीला ओल येऊन पांढरी पूड सुटते तो लोणा त्यातलाच. आणि लोणारही. लवणासुर नावाचा राक्षस इथे राहायचा आणि विष्णूने त्याला मारलं, अशी कथा आहे, त्या आठवणीचं दैत्यसूदनाचं सुंदर देऊळ लोणार गावात उभं आहे. एवढंच काय, ‘लावण्य’ हा शब्दही लवणापासून झाला. सुंदर माणसाला आपण चक्क मीठदार म्हणतो! (लोणी मात्र या घरातलं नाही हं. ते नवनीत.)

मग मीठ हा शब्द कुठून आला? धरा कानाची पाळी. तो आला ‘मिष्ट’पासून. मिष्ट म्हणजे गोड! मिष्टान्न म्हणतो ना आपण, तेच. हिंदीत तो ‘मीठा’ झाला आणि गोडच राहिला. मराठीत ज्याने जेवण रुचकर होतं त्याला मीठ म्हणू लागले. जळगाव जामोदहून थोडं उत्तरेला गेलं की मध्य प्रदेश लागतो. तिथला दुकानदार "मीठा चाहिए?" विचारतो तेव्हा तो तुम्हाला मीठ देत नसतो, हे लक्षात ठेवा.

लोणारला आणखी एक ठिकाण आहे, ते या शब्दासाठीच केलंय की काय असं वाटावं असं. सरोवराच्या काठी कमळजा देवीच्या देवळाजवळ सासू-सुनेची विहीर. तिच्यात एका बाजूचं पाणी खारं आणि दुसऱ्या बाजूचं गोडं, असं सांगतात. लोणारला विवराच्या उतारावर गोड्या पाण्याचे झरे आहेत आणि तळाशी खारं सरोवर. दोन्हीकडचं पाणी झिरपून एकाच विहिरीत भेटत असावं, असा आपला अंदाज. यातली सासू कोणती आणि सून कोणती, ते मात्र ज्याच्या-त्याच्या घरी विचारावं!

याच सरोवराचं पाणी २०२० च्या जून महिन्यात गुलाबी झालं होतं, आठवतंय? घरातल्या मोठ्यांना विचारा. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने नमुने तपासले. पाणी आटलं, खारेपणा वाढला आणि खारं पाणी आवडणाऱ्या सूक्ष्मजीवांची संख्या वाढली, त्यांच्या रंगाने सरोवर रंगलं. आपल्याला जे नको, त्यावर कुणीतरी बाळसं धरतं. त्याच वर्षी लोणारची नोंद रामसर पाणथळ जागांच्या जागतिक यादीत झाली.

आता काही तोतये. "तो माझ्यावर खार खाऊन आहे" असं आपण म्हणतो. त्यात ना मीठ, ना राख. हा खार फारसीतला, त्याचा अर्थ काटा. मनात काटा ठेवून बसलेला माणूस. झाडावरची खारुताई तर निराळीच, आणि खारीक आली खजुराच्या घरातून. चाखून बघा, गोड आहे. भूगोलातले खारे वारे मात्र अस्सल. दिवसा समुद्रावरून जमिनीकडे येतात ते. पण समुद्र बुलडाण्यापासून शेकडो किलोमीटर लांब, म्हणून इकडच्या मुलांना ते फक्त गाळलेल्या जागा भरताना भेटतात. त्यापेक्षा उन्हाळ्यात गच्चीवर वाळत घातलेल्या खारोड्या इकडच्या मुलांच्या जास्त ओळखीच्या. बाजरीच्या, तिखट-मीठ-तीळ-लसूण घातलेल्या. त्या पुऱ्या वाळेपर्यंत ताटात किती उरतात, हा गणिताचा प्रश्न आहे.

एक प्रयोग करा. मोठ्यांना विचारून, आणि काहीही तोंडात न घालता. हळद थोड्या पाण्यात कालवून कागदावर दोन पट्टे ओढा, वाळू द्या. एकावर मिठाच्या पाण्याचा थेंब टाका, दुसऱ्यावर धुण्याच्या सोड्याच्या पाण्याचा. मिठाने हळद पिवळीच राहील. सोड्याने लालसर होईल. दोन खारांतला फरक जिभेला चटकन कळत नाही, हळदीला कळतो. मग आपल्या विहिरीच्या, नळाच्या, बोअरच्या पाण्याचा थेंब टाकून पाहा आणि काय झालं ते लिहून ठेवा. रंग बदलला नाही म्हणजे पाणी गोडं, असं मात्र समजू नका. खारपाणपट्ट्यातल्या पाण्यानेही हळद पिवळीच राहू शकते. पिण्याच्या पाण्याची खरी तपासणी प्रयोगशाळेत होते. गावचं पाणी शेवटचं कधी तपासलं आणि किती क्षार निघाले, हे ग्रामपंचायतीत जाऊन विचारता येतं. मुलांनीही विचारावं. आकडा मिळाला तर ५०० आणि २००० या आकड्यांशेजारी लिहून बघा.

आणि आम्हाला एक कळवा. तुमच्या गावात ‘खारी विहीर’, ‘गोडी विहीर’ अशा नावाच्या विहिरी आहेत का? असल्या तर त्यांचं नाव, आणि आज त्यांत पाणी आहे की नाही, एवढं पोस्टकार्डावर लिहून पाठवा. पुढच्या वेळी आपण ‘तिखट’ घेऊ. पाणी जवळ ठेवा, शक्यतो गोडं.