उदारमतवाद्यांची भाषणे, हुजुरांचे कायदे

इंग्लंडातल्या कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षाला आपल्या वृत्तपत्रांनी ‘हुजूर पक्ष’ म्हटले आणि ते नाव रुळले. ब्राझीलमध्येही एकोणिसाव्या शतकात असा एक हुजूर पक्ष होता आणि त्याच्यासमोर उदारमतवादी पक्ष उभा होता. सुमारे अर्धशतक हे दोघे आळीपाळीने सत्तेवर बसले. त्या देशातल्या उजव्या-डाव्यांच्या भांडणाविषयी बोलताना ही जुनी नावे निघतात आणि सरळ हिशेब मांडला जातो, की उदारमतवादी म्हणजे गरिबांचे कैवारी आणि हुजूर म्हणजे जमीनदारांचे पाठीराखे. हा हिशेब आम्हाला मान्य नाही. नाव सोनुबाई आणि हाती कथलाचा वाळा, हा प्रकार तिथे दोन्ही घरांत होता.

गोव्याच्या वाचकांना या कथेचा आरंभ ओळखीचा वाटेल. १८२० साली पोर्तुगालमधील पोर्तो शहरात राज्यघटनेसाठी उठाव झाला. त्याचे पडसाद गोव्यात उमटले, १८२१ मध्ये व्हाइसरॉयला पायउतार व्हावे लागले आणि पुढच्या वर्षी लिस्बनच्या संसदेसाठी बेर्नार्दो पेरिश द सिल्वा यांच्यासह गोव्याचे प्रतिनिधी निवडले गेले. इकडे हक्क देणाऱ्या त्याच उदारमतवादी संसदेने तिकडे ब्राझीलला मात्र पुन्हा वसाहतीच्या पायरीवर आणायचे ठरवले. राजदरबार १८०८ पासून रिओत होता आणि १८१५ मध्ये ब्राझीलला राज्याचा दर्जाही मिळाला होता, तो काढून घेणे तिथल्यांना मानवणारे नव्हते. राजपुत्र पेद्रोला परत येण्याचे हुकूम सुटले, त्याने ते धुडकावले आणि ७ सप्टेंबर १८२२ रोजी ब्राझील स्वतंत्र झाला.

पेद्रोने सम्राट होऊन १८२४ मध्ये घटना दिली. कायदेमंडळ, मंत्रिमंडळ आणि न्यायालये यांच्यावर तिने एक चौथी, ‘नियामक’ सत्ता बसवली. ती सम्राटाची स्वतःची. मंत्री नेमावेत, काढावेत, लोकसभा बरखास्त करावी, सारे त्याच्या हाती. पुढचा सगळा पक्षीय इतिहास या एका खुंटीला टांगलेला आहे.

१८३१ मध्ये पेद्रो गादी सोडून युरोपला गेला, मागे राहिला पाच वर्षांचा मुलगा. राजप्रतिनिधींचा कारभार सुरू झाला. १८३४ मध्ये प्रांतांना विधिमंडळे मिळाली आणि त्याच दशकात प्रांतोप्रांती बंडे पेटली. रिओची पकड घट्ट हवी म्हणणारे १८३७ च्या सुमारास एकत्र आले, ते हुजूर. प्रांतांचे अधिकार राखू म्हणणारे ते उदारमतवादी. भेद खरा होता, पण तो सत्तेच्या खुर्चीपाशी टिकेना. १८४० मध्ये चौदा वर्षांच्या राजपुत्राला घाईघाईने सज्ञान ठरवून गादीवर बसवले ते उदारमतवाद्यांनी, आणि त्यानंतरच्या निवडणुकीत एवढी मारहाण झाली की ती ‘सोट्याची निवडणूक’ म्हणून इतिहासात राहिली. हुजुरांनी १८४१ मध्ये पोलीस आणि न्यायव्यवस्था रिओच्या ताब्यात देणारा कायदा केला, तेव्हा उदारमतवाद्यांनी १८४२ मध्ये साओ पावलो आणि मिनास प्रांतांत बंड केले. सांता लुझिया गावी त्यांचा पराभव झाला, म्हणून त्यांना ‘लुझिया’ हे टोपणनाव पडले. हुजुरांना ‘साक्वारेमा’ म्हणत, रिओजवळच्या एका गावावरून. १८४४ मध्ये लुझिया सत्तेवर आले आणि ज्या कायद्यासाठी बंड केले तो त्यांनी तसाच ठेवला. तेव्हापासून लोक म्हणू लागले, की सत्तेवरच्या लुझियाइतका साक्वारेमासारखा दुसरा कोणी दिसत नाही.

हे केवळ पुढाऱ्यांच्या स्वभावाचे खोट नव्हते. १८६८ मध्ये लोकसभेत बहुमत असलेले झकारियास यांचे मंत्रिमंडळ सम्राटाशी खटका उडून गेले, आणि पेद्रो दुसरा याने अल्पमतातल्या हुजुरांना बोलावले. तेव्हा नाबुको द अराउझो यांनी सिनेटमध्ये जे सांगितले ते आजही वाचण्यासारखे आहे. त्यांचे म्हणणे असे, की सम्राट हवा तो मंत्री नेमतो, मंत्री निवडणूक घडवतो, निवडणूक बहुमत घडवते आणि यालाच आपण प्रातिनिधिक राज्य म्हणतो. एकोणपन्नास वर्षांत छत्तीस मंत्रिमंडळे झाली. मतदार सरकार बदलत नव्हता, सरकार मतदार बदलत होते. माशादो द आसिस यांच्या १९०४ च्या ‘एसाव आणि याकोब’ कादंबरीत हुजूर पक्षाच्या एका गृहस्थाला उदारमतवादी सत्तेवर येताच बायको पटवून देते की तो मुळात उदारमतवादीच आहे. त्याला ते पटतेही.

खरी कसोटी होती गुलामगिरीची. आफ्रिकेतून गुलाम आणण्यास १८३१ च्या कायद्याने बंदी होती, पण तो कायदा इंग्रजांना दाखवण्यापुरता, असे ब्राझीलमध्येच म्हणत. त्यानंतरही पाच लाखांहून अधिक माणसे आणून विकली गेली. हा व्यापार खरोखर थांबवणारा कायदा १८५० मध्ये झाला, इंग्रज आरमार बंदरांत शिरू लागल्यावर, आणि तो हुजुरांनी केला. गुलाम आईच्या पोटी जन्मणाऱ्या मुलांना मुक्त ठरवणारा १८७१ चा कायदा हुजूर पंतप्रधान रिओ ब्रांको यांचा. १३ मे १८८८ चा मुक्तीचा कायदाही हुजूर पंतप्रधान जुआंव आल्फ्रेदो यांचा. त्यावर सही राजकन्या इझाबेलची. यावरून हुजुरांना पाझर फुटला असे कोणी समजू नये. तोपर्यंत गुलाम मळे सोडून पळत होते, सेना त्यांना धरून आणण्यास राजी नव्हती. उदारमतवादी दांतास यांनी १८८४ मध्ये साठ वर्षांवरील गुलामांच्या मुक्तीचे विधेयक आणले, तेव्हा त्यांच्याच पक्षातले मळेवाले उलटले आणि मंत्रिमंडळ पडले. तोच विषय पुढच्या वर्षी सौम्य होऊन हुजूर राजवटीत कायदा झाला. कॉफीचे मळे दोन्ही पक्षांत होते, ही गोष्ट जाहीरनाम्यांत सापडत नाही.

आम्हाला सर्वांत जास्त सलतो तो मात्र उदारमतवाद्यांचा १८८१ चा निवडणूक कायदा. थेट निवडणुकीची सुधारणा म्हणून त्याचे कौतुक झाले. पण त्यात उत्पन्नाचा पुरावा कडक झाला आणि नव्या मतदाराला साक्षरतेची अट आली. आधीच्या दुहेरी पद्धतीत दहा लाखांवर माणसे पहिल्या फेरीत मत देत, ती संख्या दीड लाखांच्या आसपास आली. सात वर्षांनी गुलाम मुक्त झाले तेव्हा मतदानाचे दार आधीच लावलेले होते.

१५ नोव्हेंबर १८८९ रोजी सेनेने प्रजासत्ताक जाहीर केले आणि दोन्ही पक्ष वितळून गेले. नव्या राजवटीने उत्पन्नाची अट काढली, साक्षरतेची ठेवली. निरक्षरांना मत मिळाले ते थेट १९८५ मध्ये. त्याच वर्षी ‘लिबरल आघाडी’ नावाचा पक्ष स्थापन झाला, त्यात लष्करी राजवटीच्या पक्षातून फुटलेले पुढारी होते. आणखी एक ‘लिबरल पक्ष’ही १९८५ चाच. त्याने २००२ मध्ये डाव्या लुलांना उपाध्यक्ष दिला, मधल्या काळात नाव बदलले, २०१९ मध्ये जुने नाव परत घेतले आणि २०२२ मध्ये त्याच लुलांविरुद्ध उजव्या बोल्सोनारोंना उभे केले. बोल्सोनारो हरले, पण ५१३ जणांच्या लोकसभेत ९९ जागा घेऊन पहिला आला तो हा लिबरल पक्षच.