गुरूच्या ढगांत घार उडेल काय?



आमच्या वस्तीतल्या विहारात रविवारी मुलांचा वर्ग भरतो. तिथे सातवीतल्या एका मुलीने विचारले, "काका, गुरू ग्रहावर जमीनच नाही, नुसता वायू आहे. मग तिथं फक्त पाखरंच राहत असतील का?" मागे बसलेली एक आजी चटकन म्हणाली, "गुरू बघायचा तो पत्रिकेत. गुरुबळ नसलं तर पोरीचं लग्न जमत नाही." ग्रह एकच, पण एकीने त्याच्याविषयी प्रश्न विचारला आणि दुसरीने निकाल दिला. या दोघींचे म्हणणे तपासून घ्यावे, म्हणून आजचे हे सदर.

मुलीचा प्रश्न पोरकट मुळीच नाही. १९७६ साली कार्ल सेगन आणि एडविन सॅलपीटर या अमेरिकेतील दोन शास्त्रज्ञांनी, गुरूच्या वातावरणात जीव असलेच तर ते कसे असतील, यावर चक्क शोधनिबंध लिहिला. तिथली हवा म्हणजे मुख्यतः हायड्रोजन आणि थोडा हेलियम. आपल्या जत्रेतला फुगेवाल्याचा हेलियमचा फुगा तिथे वर न जाता खाली बुडेल, कारण भोवतालची हवा त्याच्याहून हलकी! म्हणून त्यांनी कल्पना केली ती प्रचंड फुग्यासारख्या जीवांची. हे जीव पोटातला हेलियम बाहेर टाकतात, हायड्रोजन तेवढा ठेवतात किंवा तो ऊबदार राखतात आणि तरंगतात. शिवाय बुडत जाणारे बारीक जीव आणि शिकार करणारे जीवही त्यांनी कल्पिले. बुडणाऱ्यांनी खालच्या भट्टीत पोहोचण्याआधी आपली पिल्ले वर सोडायची, अशी अट! १९८० साली सेगन यांनी 'कॉसमॉस' या दूरदर्शन मालिकेत हे जीव चित्रांतून जगाला दाखवले.

आता आपल्या घारीचे पाहू. गुरूच्या ढगांत जिथे पाणी गोठत नाही, त्या थरात हवेचा दाब इथल्या पाच-सहा पट आहे. पण हायड्रोजन इतका हलका, की एवढे दाबूनही ती हवा आपल्या हवेच्या निम्मीसुद्धा घट्ट होत नाही. त्यात गुरूची ओढ इथल्या सुमारे अडीच पट. म्हणजे मुळा-मुठेवर घिरट्या घालणाऱ्या घारीला त्याच वेगाने तिथे तरंगायचे, तर पंखांचा पसारा ढोबळ हिशेबाने सहापट लागेल. अवघड आहे, पण अशक्य म्हणता येत नाही. वारा मात्र तिथे फुकट आणि भरपूर.

खरी अडचण अंडे घालण्याची! घरटे कशावर बांधणार? आपल्याकडे पाकोळी उडण्यात सर्वात तरबेज. तिच्या युरोपातल्या एका जातीची पाखरे दहा-दहा महिने जमिनीला न टेकता उडत राहतात, असे स्वीडनच्या शास्त्रज्ञांनी २०१६ साली दाखवून दिले. पण अंडी घालायला तिलाही भिंतीची फट लागते. गुरूवरच्या पाखराला पिल्लू पाठीवरच वाढवावे लागेल.

७ डिसेंबर १९९५ रोजी गॅलिलिओ यानाने सोडलेली एक कुपी गुरूच्या ढगांत शिरली. तासाभराच्या आतबाहेर तिने माहिती पाठवली आणि मग दाबाने व उष्णतेने ती गप्प झाली. तिच्यात जीव शोधायचे यंत्र नव्हते. पण ती उतरली तिथे अपेक्षेपेक्षा पाणी फार कमी निघाले आणि खोल गेल्यावरही वाऱ्याचा जोर ओसरला नाही. एवढ्यावरून पाखरे नाहीतच असे ठरत नाही, पण बाजू कमजोर झाली. शोध आता गुरूच्या युरोपा नावाच्या चंद्राकडे वळला आहे. ऑक्टोबर २०२४ मध्ये निघालेले यान २०३० साली तिकडे पोहोचणे अपेक्षित आहे.

हे सगळे अमेरिकेचे झाले, पुण्याचे काय? डॉ. जयंत नारळीकर यांचे केंब्रिजमधले गुरू फ्रेड हॉइल. त्यांनी १९५७ साली एक कादंबरी लिहिली, तिच्यात वायूचा ढग हाच एक बुद्धिमान जीव आहे. शिष्याने तर एप्रिल २००५ मध्ये हवेतला जीव शोधायला खरोखरच बलून पाठवण्यात पुढाकार घेतला. इस्रोच्या या प्रयोगात हैदराबादहून सुटलेल्या बलूनने २० ते ४१ किलोमीटर उंचीवरची हवा बाटल्यांत भरून आणली. तपासणी हैदराबादला आणि आपल्या पुण्याच्या राष्ट्रीय पेशी विज्ञान केंद्रात झाली. जिवाणूंच्या तीन नव्या जाती सापडल्या, त्यांतल्या एकीला हॉइल यांचे नाव दिले. ते परग्रहावरून आले काय? इस्रोने स्वतःच सांगितले, की यावरून तसे सिद्ध होत नाही. मला या गोष्टीतले हे वाक्य सर्वात आवडते. एवढा खर्च, एवढी मेहनत, तरी जेवढे हाती आले तेवढेच बोलायचे.

याच नारळीकरांनी १९७४ साली आपली पहिली विज्ञानकथा स्पर्धेला पाठवली, ती नारायण विनायक जगताप या नावाने. अक्षरही पत्नीचे, म्हणजे परीक्षकांनी नावाकडे पाहून गुण देऊ नयेत. बक्षीस मिळाले! आडनावावरून माणूस तोलला जाणे म्हणजे काय, हे या सदराच्या वाचकांना मी काय सांगावे?

आता आजीचे म्हणणे. तेही तपासून झाले आहे, आणि तेही पुण्यातच. २००८ साली नारळीकर आणि डॉ. नरेंद्र दाभोलकर (ज्यांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी याच शहरात खून झाला) यांनी सहकाऱ्यांसह ज्योतिषांपुढे २०० मुलांच्या पत्रिका ठेवल्या. १०० मुले अत्यंत हुशार, १०० मतिमंद. कोणती कोणाची ते ओळखा, एवढेच आव्हान. ५१ ज्योतिषांनी पत्रिका मागवल्या, उत्तरे २७ जणांनी दिली. बरोबर निघाली सरासरी ४६ टक्के. छापा-काटा केला असता तरी ५० टक्क्यांच्या आसपास जमले असते.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी बाबासाहेबांनी नागपुरात बावीस प्रतिज्ञा दिल्या. आपल्याकडे लग्न त्रिशरण-पंचशीलाने लागते, भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब असतात. पण त्याआधी पत्रिका मात्र गुपचूप दाखवून आणलेली असते. शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या मुलींची जमत आलेली स्थळे "गुरुबळ नाही" म्हणून मोडलेली मी पाहिली आहेत. बैठक उठल्यावर त्या मुलीकडे कोणी बघत नाही. ज्या ग्रहावर पाखराला टेकायला दगड नाही, तो आपल्या पोरीच्या संसारावर येऊन बसतो. बुद्धांनी कालामांना परंपरेवर किंवा ग्रंथावर विसंबून काही मानू नका असे सांगितले, ते आपण वंदनेपुरतेच ठेवले काय?

त्या मुलीला मी सांगितले, की पाखरे असण्याची शक्यता फार कमी आहे. तिने वहीत फुग्याएवढ्या पोटाचे, पाठीवर पिल्लू घेतलेले एक पाखरू काढले आहे. २८ फेब्रुवारीच्या विज्ञान दिनाला विद्यापीठाच्या आवारातली आयुका सर्वांना खुली ठेवण्याची प्रथा आहे, तेव्हा मुलांना आणि जमल्यास आज्यांनाही तिथे न्यावे. तोवर कुणाकडून साधी दुर्बीण मागून आणा. गुरू दिसत असेल त्या रात्री गच्चीवर कठड्याला हात टेकून स्थिर धरा. ग्रहाच्या बाजूला एका ओळीत बारीक ठिपके दिसतील, जास्तीत जास्त चार. ते त्याचे चंद्र, १६१० साली गॅलिलिओने पाहिलेले. मुलांना ते वहीत काढायला सांगा. दुसऱ्या रात्री पुन्हा पाहा, ठिपक्यांनी जागा बदललेल्या असतील.