सही एकाची, आरोपी सगळे

भागीदारीतला चेक वटला नाही की पैशांचा वाद फौजदारी न्यायालयात जातो आणि बहुधा तिथेच वर्षानुवर्षे अडकून पडतो. १ एप्रिल १९८९ पूर्वी दिवाणी दावा लावायचा किंवा फसवणुकीचा हेतू सिद्ध करत बसायचे, एवढेच मार्ग होते. १८८१ च्या निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स कायद्यात कलम १३८ आले आणि तो हेतू सिद्ध करण्याचे ओझे फिर्यादीच्या डोक्यावरून उतरले. आज या गुन्ह्याला दोन वर्षांपर्यंत कैद, चेकच्या रकमेच्या दुपटीपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा आहेत. दिल्लीच्या जिल्हा न्यायालयांत असे साडेसहा लाख खटले पडून असल्याची नोंद सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२५ मध्ये घेतली. राजधानीतील कनिष्ठ न्यायालयांपुढे तुंबलेल्या कामात त्यांचा वाटा निम्म्याच्या आसपास आहे.

चेक परत आला एवढ्याने गुन्हा पुरा होत नाही. तो तीन महिन्यांच्या मुदतीत बँकेत भरलेला हवा. ‘अपुरी शिल्लक’ असा शेरा असलेला रिटर्न मेमो हाती पडल्यापासून ३० दिवसांत लेखी नोटीस गेली पाहिजे. नोटीस मिळाल्यावर चेक देणाऱ्याला १५ दिवस मिळतात. त्या मुदतीत पैसे आले नाहीत तरच गुन्हा घडतो, आणि पुढच्या एका महिन्यात फिर्याद दाखल करावी लागते. पंधरा दिवस संपण्याआधी घाईने केलेली फिर्याद टिकत नाही. ‘पेमेंट थांबवा’ असे बँकेला कळवून किंवा खातेच बंद करूनही सुटका होत नाही.

दिल्लीच्या सदर बाजारातली घाऊक दुकाने, गांधीनगरातला कपड्याचा धंदा, करोल बागेतील सराफी, विटा-आटपाडीकडच्या, सोने-चांदी गाळणाऱ्या गलाई कारागिरांनी मुलखाबाहेर जाऊन उभी केलेली दुकाने, हे सारे जग नात्यागोत्याच्या आणि ओळखीच्या भागीदारीवर चालते. भागीदारी मोडते तेव्हा जाणाऱ्याच्या भांडवलापोटी पुढच्या तारखांचे तीन-चार चेक लिहून दिले जातात. पहिला वटतो, दुसरा परत येतो. मग बचाव ठरलेला असतो: हिशेबच झाला नव्हता, चेक फक्त तारण म्हणून दिला होता, सही करून कोरा दिला होता. कायदा या बचावाला सहज भुलत नाही. कलम १३९ प्रमाणे चेक देण्यापोटीच दिला, असे न्यायालय गृहीत धरते. कोऱ्या चेकवर सही करणाराही त्यातून सुटत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये स्पष्ट केले. तरीही हे गृहीतक खोडता येते, आणि भागीदारांच्या वादात ते खोडण्याला वाव अधिक असतो. ताळेबंद काढलेला नाही, माल आणि उधारी कोणाच्या वाट्याला ते ठरलेले नाही, अशा स्थितीत ‘देणे’ नेमके किती हाच प्रश्न उरतो. निवृत्तीच्या करारपत्रात रकमेचा आकडा असेल आणि चेकचा क्रमांकही लिहिला असेल, तर फिर्यादीची बाजू भक्कम होते. तो कागद नसेल तर दोन्ही बाजू जुन्या वह्या आणि मोबाइलवरचे संदेश पुराव्यात आणत राहतात.

चेक पेढीच्या खात्यावरचा असेल तर प्रश्न आणखी अवघड होतो. कलम १४१ मध्ये कंपनीच्या व्याख्येत पेढी आणि संचालकाच्या व्याख्येत भागीदार येतो. कंपनीला आरोपी केल्याशिवाय तिच्या संचालकांवर खटला चालत नाही, असे २०१२ मध्ये तीन न्यायमूर्तींनी ठरवले. तोच धागा पकडून मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, धंद्याचा कारभार न पाहणाऱ्या भागीदाराची शिक्षा रद्द केली. केवळ भागीदार किंवा जामीनदार असणे पुरेसे नाही, असे बजावले. १४ जुलै २०२५ ला न्या. नागरत्ना आणि न्या. सतीशचंद्र शर्मा यांच्या खंडपीठाने मात्र वेगळी वाट धरली. पेढी भागीदारांहून निराळी नाही, त्यांची जबाबदारी एकत्रित आणि वैयक्तिकही आहे, म्हणून पेढीचे नाव फिर्यादीत नसले तरी ती चालते, असा हा निकाल आहे. तांत्रिक चुकीमुळे खरे देणेकरी सुटू नयेत, हा त्यातला विचार योग्यच आहे. पण कागदावर नाव घातलेली पत्नी, वृद्ध वडील किंवा फक्त भांडवल गुंतवणारा मेहुणा यांनाही त्यामुळे आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करणे सोपे होईल. २०२२ आणि २०२५ चे दोन्ही निकाल दोन न्यायमूर्तींचे आहेत. मोठ्या पीठाने हा पेच सोडवायलाच हवा.

कायद्याची अपेक्षा सहा महिन्यांत निकालाची आहे. प्रत्यक्षात समन्स पोहोचण्यातच काळ जातो. २०१५ च्या दुरुस्तीनंतर खटला चेक घेणाऱ्याच्या बँक शाखेच्या ठिकाणी चालतो. चेक देणारा आणि घेणारा दोघे दिल्लीत राहत असले तरी घेणाऱ्याचे खाते नोएडात असेल तर तारखा सूरजपूरला, गुरुग्रामला असेल तर हरियाणात. २०१८ पासून २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाई देण्याचा अधिकार न्यायालयाला आहे, पण तो ऐच्छिक आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये गोव्यातील एका अपिलात सर्वोच्च न्यायालयाने फिर्यादीनेही समन्स हातोहात बजावावे, आरोपीला सुरुवातीलाच ऑनलाइन पैसे भरण्याची सोय द्यावी, असे आदेश दिले. बचावाचा पुरावा नोंदवण्याआधी तडजोड झाल्यास जादा भुर्दंड नाही. त्यानंतर निकालापूर्वी चेकच्या रकमेच्या ५ टक्के, सत्र किंवा उच्च न्यायालयात साडेसात आणि सर्वोच्च न्यायालयात १० टक्के.

हा गुन्हा रद्द करण्याचा प्रस्ताव केंद्रीय अर्थ मंत्रालयाने जून २०२० मध्ये मांडला, व्यापारी संघटनांनी विरोध केला आणि तो मागे पडला. ते बरेच झाले. दिवाणी दाव्याची गती पाहता छोट्या व्यापाऱ्याच्या हाती दुसरे शस्त्र नाही. मात्र ते सही करणाऱ्यावर आणि कारभार पाहणाऱ्यावरच चालावे. कोणत्या भागीदाराचे काम काय होते, हे फिर्यादीत स्पष्ट लिहिलेले नसेल तर दंडाधिकाऱ्यांनी समन्स काढण्यापूर्वीच ते विचारावे. आणि पेढी सोडणाऱ्याने करारपत्रावर सही करतानाच चेकबुकावरची आपली सही बँकेतून काढून घ्यावी. नोंदणीकृत पेढी असेल तर निबंधकांना कळवून, राजपत्रात आणि स्थानिक भाषेतील एका वर्तमानपत्रात निवृत्तीची जाहीर नोटीस द्यावी.