कोळी: मासेमार की विणकर?

मराठीच्या वर्गात 'कोळी' शब्द निघाला की एक व्युत्पत्ती ठरलेली असते. मासेमार जाळे टाकतो, घराच्या कोपऱ्यातला जीवही जाळे पसरतो, म्हणून तोही कोळी. (या जीवाला कीटक म्हणणे प्राणिशास्त्राला मंजूर नाही, ते असो.) ही व्युत्पत्ती सोयीची आहे, परीक्षेत खपते, आणि माझ्या मते साफ चुकीची आहे.

पंचतंत्रात विष्णूचे सोंग घेऊन राजकन्येकडे जाणारा 'कौलिक' विणकर आहे. प्राकृतात त्याचा 'कोलिअ' झाला आणि त्याला दोन अर्थ आले: विणकर, आणि जाळे करणारा हा जीव. उत्तरेत 'कोरी' हे विणकर जातीचे नाव आजही आहे. मराठीने जीव तेवढा ठेवला, विणकर हरवला. अमरकोशातला 'तंतुवाय'ही दोघांना लागू पडतो.

मासेमारही जाळे विणतोच की, असा आक्षेप येईल. विणतो. पण मग शेजारच्या भाषांचे काय करायचे? नांदेड जिल्ह्यात देगलूर, बिलोली, धर्माबादकडे अनेक घरांत तेलुगू बोलतात. तेलुगूत 'साले' म्हणजे विणकर आणि कोळी म्हणजे 'सालेपुरुगु', विणकर-किडा. लातूर जिल्ह्याच्या निलंगा-उदगीर बाजूने कन्नड मुलूख लागतो. कन्नडात 'जेड' म्हणजे कोळी, आणि वचनकार जेडर दासिमय्यांच्या नावातला 'जेड' म्हणजे विणकर. फारसीत 'जुलाह' विणकरही आहे आणि कोळीही. त्यातूनच आलेला 'जुलाहा' कबीर स्वतःला म्हणवतात, आणि गुरू ग्रंथ साहिबातली त्यांची ती वाणी नांदेडच्या हुजूर साहिबात आहे. यांपैकी एकाही भाषेने मासेमाराला मध्ये घातलेले नाही.

मासेमार कोळ्यांच्या जातिनामाचा उगम हा निराळा प्रश्न आहे. तो इथे मिसळू नये. माझी तक्रार आपल्या पद्धतीविषयी आहे. शब्द अडला की संस्कृताकडे धावायचे, तिथे जमले नाही तर मराठीतल्या मराठीत कोटी करायची, पण शेजाऱ्याला विचारायचे नाही. तीन भाषांच्या वेशीवर बसून आपण मराठीची व्युत्पत्ती दार लावून शिकवतो. वर्गातल्या तेलुगू घरच्या मुलीच्या निबंधातले घरचे शब्द 'अशुद्ध' म्हणून लाल शाईने खोडतो. घरी कोळ्याला काय म्हणतात, एवढे तरी तिला एकदा विचारा.