तंबोऱ्याचा वारसा घरापुरता नाही



मुले बापाचा धंदा सोडू लागली, आता मिरजेचा तंबोरा संपणार, हे मागील अंकातील पत्रलेखकाचे म्हणणे मला मान्य नाही. मिरजेची ही कलाच मुळी पिढीजात धंदा बदलल्यामुळे जन्मली. एकोणिसाव्या शतकात हत्यारांची मागणी घटली, तेव्हा शिकलगार समाजातील फरीदसाहेब तंतुवाद्यांकडे वळले. त्यांना वाडवडिलांच्या तलवारींशीच बांधून ठेवले असते, तर गायक अब्दुल करीम खाँसाहेबांच्या मिरजेत सतारमेकर गल्ली झालीच नसती.

खरी अडचण शिकवण्याची आहे. भोपळा वाळवणे, लाकूड कोरणे हे पाहून पाहून जमते. जवारी मात्र कानानेच लागते. घोडीचा माथा अगदी किंचित घासत राहायचे, तार त्यावर अशी टेकली पाहिजे की स्वर भरून गुंजावा. असा कान कोणत्याही घरात जन्मू शकतो, मुलीलाही असू शकतो. पण शिकण्याच्या काळात शिकणाऱ्याच्या पोटाचे काय? २०२४ मध्ये मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळाले, याचा मला मनापासून अभिमान आहे. त्यापाठोपाठ सरकारने कारागीर घरांबाहेरून येणाऱ्या शिकाऊ कारागिरांना विद्यावेतन द्यावे, ही माझी कळकळीची मागणी आहे.

– एक वाचक, सांगली