बंदिवानाची किंमत कोणी मोजायची?

सीरियातील इदलिब प्रांतात २२ नोव्हेंबर २०१२ रोजी अपहरण झालेल्या जेम्स फोली या अमेरिकन युद्धवार्ताहराची ऑगस्ट २०१४ मध्ये 'इस्लामिक स्टेट' या संघटनेने हत्या केली. त्या वेळी जगाने हळहळ व्यक्त केली. मात्र त्याच्या बंदिवासाने उभा केलेला एक प्रश्न आजही सुटलेला नाही.

फोली कॅथोलिक घरातला. मिल्वॉकी येथील येशूसंघीय मार्क्वेट विद्यापीठात शिकलेला, काही काळ शिक्षकी केलेला. पुढे तो मुक्त पत्रकार झाला. अशा पत्रकाराच्या पाठीशी मोठ्या वृत्तसंस्थेचे बळ नसते. दिलेल्या बातमीपुरते आणि छायाचित्रापुरते मानधन, एवढाच संबंध. एप्रिल २०११ मध्ये लिबियात गद्दाफीच्या सैनिकांनी त्याला प्रथम पकडले. त्याच हल्ल्यात त्याचा सहकारी अँतॉन हॅमर्ल मारला गेला. तेथील ४४ दिवसांच्या कैदेत तो बोटांच्या सांध्यांवर नमो मारिया मोजत रोझरीची प्रार्थना करीत असे. (जपमाळ हाताशी नसली की आपल्याकडील वडीलधारी माणसे पेरे मोजतात, तसेच.) आपल्या आईनेही हीच प्रार्थना केली असती, असे त्याने सुटकेनंतर लिहिले. घरी परतल्यावर हॅमर्लच्या मुलांसाठी निधी उभारण्यात त्याने पुढाकार घेतला आणि मग तो पुन्हा युद्धभूमीवर गेला.

सीरियात मात्र सुटका नव्हती. अपहरणकर्त्यांनी कुटुंबाकडे १० कोटी युरो किंवा मुस्लिम कैद्यांची मुक्तता मागितली. २०१४ च्या वसंतात त्याच्यासोबतचे स्पॅनिश व फ्रेंच पत्रकार सुटले. डेन्मार्कच्या सरकारने खंडणी नाकारली. तरी एका तरुण डॅनिश छायाचित्रकाराच्या कुटुंबाने स्वतः पैसे जमवले आणि तो जूनमध्ये घरी पोहोचला. फोलीने घरच्यांसाठी सांगितलेले पत्र त्याने तोंडपाठ करून नेले होते. फोलीची आई डायन यांनी मात्र पुढे सांगितले की, पैसे जमवल्यास खटला भरला जाईल, अशी ताकीद त्यांना अमेरिकन अधिकाऱ्याकडून मिळाली होती.

खंडणीने दहशतवाद्यांच्या तिजोऱ्या भरतात आणि पुढच्या अपहरणाला बळ मिळते, हा शासनाचा युक्तिवाद खोटा नाही. पण ख्रिस्तसभेची परंपरा दुसऱ्या बाजूलाही बोट दाखवते. दयेच्या सात शारीरिक कृत्यांत संत थॉमस अक्वायनस यांनी बंदिवानाला सोडविण्याचा समावेश केला आहे. १२१८ मध्ये बार्सिलोना येथे संत पीटर नोलास्को यांनी स्थापिलेल्या मर्सिडेरियन संघाचे व्रतस्थ तर चौथे व्रत घेत, की वेळ पडल्यास बंदिवानाच्या जागी स्वतः ओलीस राहू. आमच्या मते राज्याने तिजोरी बंद ठेवणे समजण्यासारखे आहे. मुलासाठी झोळी पसरणाऱ्या आईला तुरुंगाचे भय दाखवणे समजण्यासारखे नाही.

अमेरिकेलाही हे उमगले असावे. जून २०१५ मध्ये ओबामा प्रशासनाने धोरण बदलले. सरकार सवलती देणार नाही, पण कुटुंबांवर खटले भरण्याचा धाक राहणार नाही, असे जाहीर झाले. ओलिसांच्या सुटकेसाठी स्वतंत्र यंत्रणाही उभी राहिली. त्यामागे डायन फोली यांच्यासारख्या पालकांचा पाठपुरावा होता.

फोलीला हुतात्मा म्हणण्याची काहींना घाई झाली होती. कैदेत त्याने इस्लाम स्वीकारल्याचे काही सहबंदिवानांनी नंतर सांगितले. त्या काळकोठडीत त्याच्या अंतःकरणात काय होते, ते परमेश्वर जाणतो. आपण निवाडा करू नये.

ऑक्टोबर २०२१ मध्ये डायन व्हर्जिनियातील अलेक्झांड्रिया येथे गेल्या आणि अपहरणकर्त्यांपैकी एक, अलेक्झांडा कोटी, याच्यासमोर बसल्या. त्याने गुन्हा कबूल केला होता आणि पीडितांच्या कुटुंबीयांना भेटणे त्याने मान्य केले होते. एप्रिल २०२२ मध्ये त्याला जन्मठेप झाली.