बुद्धिबळाच्या पटावरची फातिमा

आमच्या केनवडमध्ये शेतीच्या कामातून थोडी उसंत मिळाली की असरच्या नमाजनंतर ओट्यावर बुद्धिबळाचा डाव मांडला जातो. जुनी मंडळी देशी पद्धतीने खेळतात. त्यात प्याद्याला पहिल्या चालीतही एकच घर मिळते आणि राजाला एकदाच घोड्यासारखी अडीच घरे चालता येतात. मोबाइलवर शिकलेली पोरे म्हणतात, प्यादे सुरुवातीला दोन घरे जाते. मग डाव बाजूला राहतो आणि हुज्जत सुरू होते. मागच्या महिन्यात अशीच हुज्जत चालली असताना उंबऱ्यात उभ्या असलेल्या आमच्या आठवीतल्या भाचीने विचारले, "मामू, हा खेळ मुली खेळतात का?" ओट्यावरचे सगळे हसले. आम्हीही हसलो. रात्री मात्र ते हसणे बोचत राहिले. म्हणून या महिन्याचे पान तिच्यासाठी.

देशी चालींवरच वाढलेला एक खेळाडू एकेकाळी युरोप गाजवून आला होता. त्याचे नाव मीर सुलतान खान, राहणार फाळणीपूर्व पंजाब. सर उमर हयात खान या जमीनदारांच्या आश्रयाने तो १९२९ मध्ये लंडनला गेला. तिथले नियम त्याला नव्याने शिकावे लागले. तरी त्याच वर्षी तो ब्रिटिश अजिंक्यपद जिंकला आणि पुढे १९३२ व १९३३ मध्येही. हेस्टिंग्जच्या १९३०-३१ च्या स्पर्धेत त्याने माजी जगज्जेता कापाब्लांका यालाही हरवले. पाचेक वर्षांत एवढे करून तो मायदेशी परतला आणि मोठ्या स्पर्धांतून कायमचा बाहेर पडला. १९६६ मध्ये त्याचे निधन झाले. जागतिक बुद्धिबळ महासंघाने त्याला मानद ग्रँडमास्टर किताब दिला तो २०२४ मध्ये!

आता भाचीच्या प्रश्नाचे उत्तर. सर उमर हयात खान यांच्याच परिवारासोबत इंग्लंडला गेलेली एक तरुणी होती. नोंदींत तिचे नाव 'मिस फातिमा' एवढेच आहे. १९३३ साली सुलतान खानने हेस्टिंग्जला तिसरे अजिंक्यपद जिंकले, तेव्हाच फातिमाने महिलांचे ब्रिटिश अजिंक्यपद पटकावले. अकरा डावांपैकी दहा जिंकले, एक बरोबरीत सोडवला, हरली एकही नाही. दुसऱ्या क्रमांकाची खेळाडू तिच्यापेक्षा तीन गुणांनी मागे होती. त्यानंतर फातिमाही मायदेशी परतली आणि स्पर्धांच्या नोंदींतून तिचे नावच पुसले गेले. हरून मागे पडली असती तर गोष्ट वेगळी. ती तर जिंकून गप्प झाली.

मुलींची वाट पुढेही सोपी नव्हती. मुंबईच्या वासंती, जयश्री आणि रोहिणी या तिघी खाडिलकर बहिणींनी महिलांच्या राष्ट्रीय स्पर्धा अनेक वर्षे गाजवल्या. १९७६ मध्ये तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली, तेव्हा तिच्या खेळण्यावरच हरकत घेतली गेली. प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले. अखेर जागतिक महासंघाचे अध्यक्ष मॅक्स यूव यांनी निर्वाळा दिला की, स्त्री आहे म्हणून कोणाला स्पर्धेबाहेर ठेवता येणार नाही. पटावरच्या चालींआधी अशा चाली जिंकाव्या लागतात.

आणि आपल्या विदर्भाचे काय? नागपूरची दिव्या देशमुख २८ जुलै २०२५ रोजी जॉर्जियातील बातुमी येथे महिला विश्वचषक जिंकली. अंतिम फेरीत समोर होती अनुभवी कोनेरू हंपी. ग्रँडमास्टर होण्यासाठी एरवी तीन नॉर्म आणि २५०० रेटिंग लागते. दिव्याकडे तेव्हा एकही नॉर्म नव्हता, पण या विजयाने तिला थेट किताब मिळाला. एकोणिसाव्या वर्षी ती भारताची ८८वी ग्रँडमास्टर झाली.

कोणी म्हणेल, हे मोठ्या शहरांतले आणि शिकल्या-सवरल्या घरांतले. त्यांच्यासाठी भोपाळचे मोहम्मद रफीक खान. व्यवसायाने सुतार. १९८० च्या माल्टा ऑलिंपियाडमध्ये त्यांनी वैयक्तिक रौप्यपदक मिळवले. बुद्धिबळ ऑलिंपियाडमध्ये भारतीयाला मिळालेले ते पहिले पदक. रंधा चालवणाऱ्या हातांना प्यादे जड झाले नाही.

खेळाला आपण परकेही नाही. भारतातला चतुरंग इराणला गेला, तिथे शतरंज झाला आणि अरबांच्या हातून युरोपात पोहोचला. म्हणून तर शह, मात, वजीर, प्यादे हे शब्द मराठीत इतके घरचे वाटतात. हा खेळ खेळावा की नाही, याबाबत उलेमांमध्ये मतभेद आहेत. काहींनी मनाई केली, काहींनी अटींसह मोकळीक दिली. पण पैज लावली की तो जुगार झाला, आणि खेळापायी नमाज चुकता कामा नये, याबाबत दुमत नाही. ज्याने त्याने आपल्या भरवशाच्या आलिमांना विचारावे. मात्र जे मुलाला चालते ते मुलीला का चालत नाही, एवढा प्रश्न घरातल्या मोठ्यांनी स्वतःलाही विचारावा.

आमच्या घरी त्याचे उत्तर सोपे निघाले. बाजारातून एक साधा पट आणला. अभ्यास आणि घरकाम आटोपले की भाची समोर बसते. पहिला आठवडाभर आम्ही तिला हरवत होतो. आता मगरिबची अजान लवकर व्हावी, असे वाटते ते आम्हाला. डाव अर्धवट सुटतो आणि मामूची लाज राहते.

वाचक भगिनींनो आणि बंधूंनो, तुमच्याही उंबऱ्यात कोणी उभी असेल. तिला आत बोलवा आणि पांढरी मोहरी तिच्याकडे द्या. पहिली चाल तिची असू द्या.